सुटे

ग्लदानीतल्या त्या सोळामजली इमारतीत
लिफ्टला नाणं लागायचं, दहा तेत्रीचं.
चढायला फक्त. उतरणं फुकट.
दर महिन्याच्या पहिल्या मंगळवारी
मी डबा उघडायचो, तेव्हा नाण्यांबरोबर निघायचं
कोटाचं बटण, तुर्की पैसा, घासून गोल केलेला पत्रा,
एकदा तर दुधाचा दात.
त्याची मी वहीत नोंद केली नाही.

नाणं एक, माणसं चार मावायची.
म्हणून बायका खाली थांबत.
"सुटे आहेत का गं?"
"नाहीत. थांबू, येईलच कुणीतरी."
येईपर्यंत मग निघायचं
कुणाच्या सुनेचं, कुणाच्या गुडघ्याचं,
बाजारात अक्रोड काय भावानं गेले त्याचं.
तेराव्या मजल्यावरची लामारा,
टेलिफोन खात्यात एकतीस वर्षं तारा जोडलेली,
तिच्या खिशात नाणी खुळखुळत असायची,
तरी म्हणायची, नाहीत हो सुटे.
मला ठाऊक होतं. मी शिडीवर असायचो.
शिडीवरच्या माणसाला कुणी माणसांत धरत नाही.

मग मीच बसवलं कार्डाचं यंत्र.
चार स्क्रू, दोन तारा, एक निळा दिवा.
टेकवलं की टिंग.
ज्याचं त्याचं कार्ड, ज्याची त्याची टिंग.
सुटे मागायला कुणी उरलं नाही,
जो तो सुटा.
मागून पावलं वाजली तरी
आतल्याचं बोट दार मिटायच्या बटणावर.
मीही केलंय हे, दुसऱ्या इमारतींत,
हातात हत्यारांची पेटी असताना
आणि घाई कसलीच नसताना.

लामाराची लेक एतेरी इटलीत, बारीला.
तिथल्या एका म्हातारीला न्हाऊ घालते,
मऊ भात भरवते, विरळ केसांची वेणी घालते.
त्या पगारातून इकडे
आईच्या कार्डात पैसे पडतात.

हिशोब आता कागदावर येतो.
कुठलं कार्ड, किती वाजता, कितवा मजला.
फेब्रुवारीच्या कागदावर माझं बोट थबकलं.
कार्ड अठ्ठ्याहत्तर.
सहा दहा. सहा सोळा. सहा एकवीस. सहा सत्तावीस.
तेरा, तेरा, तेरा, तेरा.
आणि हे रोज, रविवार सोडून.
रविवारी बारीहून फोन येत असावा.
साहेब म्हणाले, यंत्र वेडं झालंय, बघून ये.

यंत्र ठणठणीत होतं.
दुसऱ्या दिवशी मी पेटी न घेता गेलो,
सहाला, माणसं कामावरून परततात त्या वेळी.
लिफ्ट खाली आली, दार सरकलं.
आत ती.
ठेवणीतला कोट, ओठांना थोडा रंग,
हातात पिशवी, घडीसुद्धा न मोडलेली.
उतरायचं सोडून एक पाऊल मागे सरली,
मला जागा करून दिली.
ओळखलं नाही. शिडीशिवाय मी
कुणाच्या ओळखीचा नाही.

"कितवा?" तिनं विचारलं,
जन्मभर "कुठला नंबर हवाय?" विचारलेल्या आवाजात.

मी राहतो वार्केतिलीत, तळमजल्यावर.
खिडकीसमोर दुसऱ्यांच्या गाड्यांची चाकं.
मला हा प्रश्न कधी कुणी विचारलाच नव्हता.
"सोळावा," मी म्हटलं.
"वा, म्हणजे वेळ आहे,"
ती म्हणाली, आणि पिशवी
या हातातून त्या हातात घेत
अक्रोडांपासून सुरुवात केली.

लिफ्ट जुनी, दमानं चढते.
नवव्या मजल्यावर तिची सून निघाली,
म्हणजे शेजारणीची; तिला मुलगा नाही.
तेरावा आला. दार उघडलं.
बोळात दिवा नव्हता.
ती बोलत होती.
दार मिटलं.

साहेबांना मी लिहून दिलं:
बिघाड आहे. लगेच सापडण्यासारखा नाही.
संध्याकाळी जाऊन पाहत राहावं लागेल.